बाळाच्या नावाचा अर्थ कसा तपासायचा (नेटवरच्या यादीवर न जाता)

ओळखीत कुणाकडे पाळणा हलला की आठवड्याभरात माझ्या फोनवर एक यादी येतेच. पन्नास-साठ नावं, प्रत्येकापुढे अर्थ, आणि खाली "ताई यातलं कुठलं बरं वाटतंय सांगा ना". यादी कुठल्यातरी साईटवरनं उचललेली असते आणि निम्म्या नावांचे अर्थ "देवाची कृपा", "सूर्याचा किरण" आणि "अद्वितीय" या तिघांच्या बाहेर जात नाहीत, नाव इराणी असो, आयरिश असो, नाहीतर परवाच कुणीतरी जोडून बनवलेलं असो. हे अर्थ कुणी तपासलेले नसतात, एका साईटने दुसरीवरनं घेतलेत, दुसरीने तिसरीवरनं, आणि सगळीकडे तेच दिसतंय म्हणजे खरंच असेल असं आपल्याला वाटतं. म्हणून घरबसल्या स्वतः कसं तपासायचं ते लिहितेय. अवघड काही नाही, एक निवांत संध्याकाळ पुरते. फक्त क्रम उलटा करायचा. आपण पहिल्यांदा अर्थ विचारतो आणि भाषा विचारतच नाही, तर आधी लिपी, मग भाषा, मग हे नाव कुणी कशासाठी ठेवायचे ते, आणि कोशातला अर्थ सगळ्यात शेवटी.

आधी नाव नीट लिहून घ्या

याद्या सगळ्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये असतात आणि घोळ तिथंच होतो. ए-एन-ए-वाय-ए घ्या. हे अनया आहे, अनाया आहे की इनायाचं एक स्पेलिंग आहे? तिन्ही वेगळ्या घरची नावं आहेत. संस्कृतात नय म्हणजे नीती, वागण्याची रीत, त्याला अ लागला की अनय, म्हणजे अनीती, वाईट वागणं. शिवाय आपल्या गवळणींमधल्या राधेच्या नवऱ्याचं नाव अनय. इनाया अरबी आहे, अर्थ काळजी, कुणाकडे लक्ष देणं, छान अर्थ आहे. आणि हिब्रूत अनायाह आहे, "याहवेने उत्तर दिलं" असा अर्थ, पण बायबलमध्ये ते पुरुषाचं नाव आहे. यादीत मात्र या सगळ्यांची मिसळ करून पुढे एकच अर्थ ठोकलेला असतो.

जपानी नावांना तर इंग्रजी स्पेलिंगवरून हातच लावू नका. युकी हे नाव हिमाच्या अक्षराने लिहिता येतं आणि सुखाच्या अक्षरानेही, उच्चार तोच. चिनीचंही तसंच, अक्षर दिसल्याशिवाय अर्थ सांगता येत नाही. ऑफिसमधल्या जपानी माणसाला "तुमच्या नावाचा अर्थ काय" विचारायच्या आधी "कुठल्या अक्षरांनी लिहिता" विचारा, तो पण खुश होईल.

आणि उलट दिशेनेही बघून घ्यायचं, म्हणजे बाहेरचं नाव मराठीत आल्यावर काय होतं. सारा हिब्रूत राजघराण्यातली बाई, फारसीत शुद्ध, पण आपल्या नाशिकजवळच्या निफाड-दिंडोरीकडच्या आजोबांना सारा म्हटलं की तलाठी आणि शेतसाराच आठवणार. मायरा म्हणाल तर आपल्या मारवाडी शेजाऱ्यांना विचारा, त्यांच्यात लग्नात मामाकडनं जो आहेर येतो त्याला मायरा म्हणतात. नाव ठेवू नका असं म्हणत नाहीये, पण कार्यक्रमात कुणी हसलं तर का हसलं ते आधी माहीत असलेलं बरं.

भाषा ओळखायची कशी

थोड्या खुणा माहीत असल्या की बरंच काम होतं. नावाच्या शेवटी "एल" आला की बहुतेक वेळा हिब्रू, एल म्हणजे देव. डॅनियल म्हणजे देव माझा न्यायाधीश, मायकल म्हणजे देवासारखा कोण आहे (हो, तो प्रश्न आहे), इस्माईल म्हणजे देव ऐकतो. "याह" किंवा "इया"ने संपत असेल तर तिथेही देवच असायची शक्यता असते, याहवे. जॉन हे त्याच घरचं, मूळ योहानान, याहवे कृपाळू आहे. म्हणजे "देवाची कृपा" हा अर्थ ज्याला खरंच शोभतो तो हा जॉन, आणि तो इवान, ज्याँ, हुआन, जोवानी, शॉन, इयन, हान्स, याह्या असा जगभर फिरलाय. यादीत इवान आणि इयन वेगवेगळ्या पानांवर वेगवेगळ्या अर्थांनी दिसले तर त्या यादीची किंमत तिथेच कळते.

दुसरी खूण, "देवाने दिलेला" ही कल्पना. ही जवळपास सगळ्यांकडे आहे. आपल्याकडे देवदत्त, ग्रीकमध्ये थिओडोर आणि तेच उलटं करून डोरोथी, स्लाव्ह लोकांत बोगदान, हिब्रूत जोनाथन, फारसीत खुदाबख्श. आणि "देवाचा दास" घ्या, आपला हरिदास, तिकडे अब्दुल्ला, हिब्रूत ओबादिया. इथे एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा, नुसतं "अब्दुल" हे पूर्ण नाव नाही. अब्दुल म्हणजे "चा सेवक", पुढे अल्लाचं एखादं नाव यायलाच हवं, अब्दुल रहीम म्हणजे त्या दयाळूचा सेवक. आपण वर्गातल्या मित्राला अर्ध्यावर तोडून अब्दुल हाक मारतो तेव्हा वाक्य लोंबकळत राहतं.

तिसरं, नावाची भाषा म्हणजे माणसाचा धर्म असं अजिबात समजू नका. इंडोनेशियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष सुकार्नो मुसलमान, लहानपणचं नाव कुस्नो, पण सारखे आजारी पडायचे म्हणून वडिलांनी नाव बदलून महाभारतातल्या कर्णावरून ठेवलं. त्यांची मुलगी मेगावती सुकार्नोपुत्री, हे तर आपल्याला फोडून सांगायलाही नको. थायलंडचे आधीचे राजे भूमिबोल अदुल्यादेज म्हणजे भूमिबल अतुल्यतेज. आणि आपल्याकडे बघा, शहाजीराजांचं नाव नगरच्या शाह शरीफ पीरावरून ठेवलं अशी जुनी परंपरा सांगते, धाकटे भाऊ शरीफजी. दौलत, साहेबराव, फकिरा, पिराजी ही नावं आपल्या गावागावात आहेत आणि सगळ्यांच्या मुळाशी अरबी-फारसी शब्द आहेत. त्यामुळे "अस्सल मराठी नाव पाहिजे" म्हणणाऱ्यांना मी आधी त्यांच्याच पणजोबांचं नाव विचारते.

आता कोश उघडा

संस्कृतसाठी मोनियर विल्यम्स आणि आपटे, मराठीसाठी मोल्सवर्थ आणि दाते-कर्व्यांचा शब्दकोश, हे सगळे ऑनलाईन फुकट बघता येतात. हातात धरून बघायचं असेल तर आपलं नाशिकचं सार्वजनिक वाचनालय आहेच, १८४० पासूनचं, सावाना म्हटलं की रिक्षावाला पण सोडतो. कोशात शब्द शोधायचा, सापडला नाही तर उपसर्ग आणि शेपूट सोडवून मधलं शोधायचं. दोन्ही नाही सापडलं तर ते नाव नवीन जोडलेलं आहे असं धरून चालायला हरकत नाही.

आता गंमत बघा. आरव. गेली काही वर्षं कॉलेज रोडच्या कुठल्याही प्ले ग्रुपमध्ये आरव अशी हाक मारली तर दोघं-तिघं तरी वळून बघतात. याद्यांमध्ये अर्थ "शांत". कोशात रव म्हणजे आवाज आणि आरव म्हणजे ओरडणं, गलका, आक्रोश. आपल्या मराठीतच कोंबडा आरवतो की! आजीला विचारलं असतं तर कोशाचीही गरज नव्हती. खरं सांगू का, तान्ह्या बाळासाठी याच्याइतकं चपखल नाव नाही, पण अर्थ शांत म्हणून पत्रिकेवर छापू नका.

कियान. याद्यांत पुन्हा देवाची कृपा, वर "संस्कृत" असा शिक्का. नाव फारसी आहे, कय म्हणजे राजा आणि कियान म्हणजे राजे, इराणच्या पुराणकथांमधल्या एका राजघराण्याचं नाव. कैकोबाद, कैखुश्रू ही पारशी नावं ऐकली असतील, त्यातला कै तोच. चांगलं वजनदार नाव आहे, उगाच त्याला संस्कृत करायची काय गरज.

कियारा तर कमालच आहे. आयरिश किआरा म्हणजे काळी, काळ्या केसांची. इटालियन कियारा म्हणजे उजळ, स्वच्छ, लॅटिन क्लारापासून आलेलं. उच्चार जवळजवळ एकच आणि अर्थ बरोबर उलटे. तर तुमची कियारा कुठली? ते तुम्ही ठरवायचं, आणि ठरवून घरच्यांना सांगून ठेवायचं, नाहीतर एक काका एक सांगणार आणि दुसरे काका दुसरं.

रेयांशमध्ये अंश आहे हे दिसतंय, पण रेय म्हणजे किरण असा शब्द काही संस्कृत कोशात मिळत नाही, तो इंग्रजीतला रे असावा असा मला दाट संशय आहे. शिवांश, दिव्यांश फोडले की लगेच कळतात, रेयांश नाही. आणि वर जो मायरा आला तो इंग्रजीत तीन-चारशे वर्षांपूर्वी एका कवीने आपल्या कवितेतल्या प्रेयसीसाठी वापरला, तिथून तो पसरला. म्हणजे नवीन नाव तयार करण्यात काहीच वाईट नाही, कधीतरी कुणीतरी प्रत्येक नाव पहिल्यांदा जोडलेलंच असतं. आपल्याच गावात बघा ना, कुसुमाग्रज. कुसुम अधिक अग्रज, कुसुमचा थोरला भाऊ. भावांच्या पाठची एकुलती बहीण कुसुम, तिच्यावरून घेतलेलं टोपणनाव. जन्माचं नाव गजानन, दत्तक गेल्यावर झालं विष्णू वामन, आणि लोकांनी लक्षात ठेवलं ते तिसरंच. जोडायचं तर असं जोडा, फोडल्यावर काहीतरी निघालं पाहिजे.

अजून एक इथलंच. दादासाहेब फाळक्यांचा जन्म १८७० चा त्र्यंबकेश्वरचा, खरं नाव धुंडिराज. धुंडिराज म्हणजे काशीचा ढुंढिराज गणपती, आणि काशीखंडात त्याची फोड दिलीय ती ढुंढ म्हणजे शोधणे या धातूवरून, हिंदीतलं ढूंढना तेच. शोधणारा! सिनेमाचा शोध घेत लंडनला गेलेल्या माणसाला याहून काय नाव पाहिजे. पण हा योगायोग, नावाने माणूस घडतो वगैरे मी मानत नाही.

कोशात न सापडणारा अर्थ

इथे जरा थांबा, कारण खरी मजा इथे आहे. पुष्कळ नावांचा कोशातला अर्थ बरोबर असतो पण उपयोगाचा नसतो. धोंडू म्हणजे दगड, केरू म्हणजे केर, कचरू म्हणजे कचरा, कळलं, पण पोराला कचरा का म्हणायचं? तर आधीची मुलं दगावलेली असायची म्हणून. नाव असं ठेवायचं की काळाची, सटवीची, कुणाची म्हणून नजर जाऊ नये, हे काय, केरातलं आहे, राहू दे. भिकू, भिकाजी त्यातलेच. म्हणजे ज्या पोराचं नाव सगळ्यात टाकाऊ त्याच्यासाठी आईने सगळ्यात जास्त नवस केलेले.

आणि हे फक्त आपलं नाही. मंगोलियात नेरगुई नावाची माणसं आहेत, अर्थ "नाव नाही". एनेबिश म्हणजे "हा नव्हे". खुनबिश म्हणजे "माणूस नव्हे". भुताखेतांनी दारात येऊन विचारलं तर उत्तर काय मिळणार, नाव नाही, हा नव्हे, माणूसच नव्हे! नायजेरियातल्या योरुबा लोकांत मुलं एकामागून एक जायला लागली की तेच मूल परत परत जन्माला येतंय असं मानायचे आणि मग नावातूनच त्याची विनवणी करायचे, मालोमो म्हणजे "आता परत जाऊ नकोस", कोसोको म्हणजे "कुदळ उरली नाही", म्हणजे खड्डा खणायला आता कुदळच नाही बाबा, तू राहा. हे वाचल्यावर मला आमच्या कचरूआजोबांच्या नावाचं हसू येणं बंद झालं.

पण यातच एक फरक करायला शिका. नकोशी, नकुसा हे वरवर धोंडूसारखं दिसतं पण तसं नाही. धोंडू हवा होता म्हणून धोंडू, आणि नकुसा खरंच नको होती म्हणून नकुसा. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा दोनशेहून जास्त मुलींची नावं सरकारी कार्यक्रम घेऊन बदलली. चीनमध्ये मुलींना झाओदी नाव ठेवायचे, अर्थ "धाकट्या भावाला बोलावून आण", तेही याच माळेतलं. म्हणून नावाचा अर्थ विचारताना "कोणासाठी ठेवलं" हे पण विचारायचं, बाळासाठी की दुसऱ्याच कुणासाठी.

वारावरून पडलेली नावं अजून एक मोठा गठ्ठा. सुरगाणा-पेठकडे सोमा, मंगळू, बुधा, बुधी ऐकू येतात. घानातल्या अकान लोकांत तर याची पक्की पद्धतच आहे, सोमवारचा कोजो, शुक्रवारचा कोफी, शनिवारचा क्वामे. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान ८ एप्रिल १९३८ ला जन्मले, कॅलेंडर काढून बघा, शुक्रवार आहे. बाली बेटावर क्रमाने नाव पडतं, पहिला वायान, दुसरा माडे, तिसरा न्योमान, चौथा केतुत, पाचवा झाला की परत वायानपासून सुरू. माडे म्हणजे आपला मध्य.

आणि जागेचा अर्थ. कोश म्हणेल गंगाधर म्हणजे गंगा धारण करणारा शंकर, गंगा उत्तरेतली. पण नाशकात आपण "गंगेवर जाऊन येतो" म्हणतो ते कुठे जातो? रामकुंडावर. म्हणजे पंचवटीतल्या जुन्या घरातल्या गंगाबाई, गंगाराम, गंगाधर यांची गंगा बहुतेक गोदावरीच, कोशाला ते माहीत नाही. त्र्यंबक, गौतमी, निवृत्ती ही नावं इकडे का सापडतात ते वेगळं सांगायला नको, निवृत्तिनाथांची समाधी त्र्यंबकला आहे म्हणून पोराचं नाव निवृत्ती, "संसारातून निवृत्त" असा अर्थ लावून आई-वडिलांनी ते ठेवलेलं नसतं.

पांडवलेणीला एक चक्कर मारा

हे ऐच्छिक आहे, पण नावांत रस असेल तर पायऱ्या चढाच. तीन नंबरच्या लेण्यातला शिलालेख गौतमी बलश्रीचा, गौतमीपुत्र सातकर्णीच्या आईचा, आणि तो कोरलाय तिच्या नातवाच्या, वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या राजवटीत. राजे स्वतःची ओळख आईच्या नावाने सांगतायत. (गादी मात्र बापाकडूनच यायची, उगाच हुरळून जाऊ नका.) दहा नंबरला उषवदात, नहपान क्षत्रपाचा जावई. उषवदात हे ऋषभदत्तचं प्राकृत रूप. माणूस शकांच्यातला, बापाचं नाव दिनीक, आणि पोरगा एकदम ऋषभदत्त, बायको दक्षमित्रा. सतरा नंबर तर अजून भारी, तिथे लेणं देणारा स्वतःला यवन (म्हणजे ग्रीक) म्हणवतो, उत्तरेकडचा, दात्तामित्री गावचा, आणि नाव काय तर इंद्राग्निदत्त, बापाचं नाव धम्मदेव. म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच इथे बाहेरून आलेली माणसं आपल्या पोरांना इथली फॅशनेबल नावं ठेवत होती. आता आपण कियान आणि मायरा ठेवतोय, यात नवीन काही नाही भो.

पण नाव बदलणं नेहमी खुशीचं नसतं, आणि हेही नाशिकमध्येच बघायला मिळतं. शरणपूर रोडवरून आपण रोज जातो, ते शरणपूर म्हणजे चर्च मिशनरी सोसायटीची वस्ती, आणि एकोणिसाव्या शतकात तिथे गुलामांच्या जहाजांवरून सोडवलेली आफ्रिकन मुलं आणून ठेवली होती. त्यांना इंग्रजी नावं मिळाली. जेकब वेनराइट, मॅथ्यू वेलिंग्टन. १८७३ मध्ये मिशनरी आणि शोधप्रवासी लिव्हिंग्स्टन आफ्रिकेत वारला तेव्हा त्याचं शव किनाऱ्यापर्यंत वाहून नेणाऱ्यांत हे नाशिकला शिकलेले होते, वेनराइट तर १८७४ मध्ये लंडनला त्याच्या अंत्यविधीलाही हजर होता. वेलिंग्टनचं जन्मनाव चेंगविंबे. आता वेलिंग्टन शब्दाचा अर्थ कोशात शोधून त्या माणसाबद्दल काय कळणार? काहीच नाही. कुणाचं नाव कुणी दिलं हे आधी विचारा असं मी जे म्हणतेय ते यासाठी.

घरातली जुनी नावं हवी असतील तर

पणजीच्या पणजीचं नाव ठेवायची हल्ली परत हौस आलीय, चांगलं आहे. घरात कुणाला आठवत नसेल तर गंगेवरचे आणि त्र्यंबकचे तीर्थोपाध्याय आहेत, त्यांच्याकडे नामावळीच्या वह्या असतात, यात्रेला येऊन गेलेल्या घराण्यांच्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या नोंदी. जाताना मूळ गाव (आत्ता राहता ते सिडको नाही, आजोबांचं गाव), आडनाव, आधीचं आडनाव बदललं असेल तर ते, आणि आठवतील तेवढी नावं लिहून न्या. गावावरून कुणाकडे आपली वही ते विचारत जावं लागतं, अमावस्येच्या आणि पितृपक्षातल्या गर्दीत मुळीच जाऊ नका, त्यांना बोलायला सवड नसते. वहीत बायकांची नावं कमी सापडतात, आणि सापडली तर ते सासरचं बदललेलं नाव असू शकतं हे धरून चाला. जुन्या वह्या मोडीत असतात, फोटो काढू देतात का ते आधी विचारा आणि दक्षिणा देताना हात आखडता घेऊ नका, एवढं सांभाळून ठेवलंय त्यांनी.

बाहेरच्या माणसाचं नाव समजून घेताना

थोडक्यात सांगते. चीन, जपान, कोरिया, हंगेरीत आडनाव आधी. आइसलंडमध्ये बहुतेकांना आडनावच नाही, वडिलांच्या (कधी आईच्या) नावाला सोन किंवा दोत्तिर लावायचं, म्हणजे मुलगा किंवा मुलगी, त्यामुळे सख्ख्या भाऊ-बहिणीचं शेवटचं नाव वेगळं. स्पॅनिश माणसाची दोन आडनावं, सहसा आधी वडिलांचं मग आईचं, शेवटचं तेवढं उचललंत तर चुकलात. इथिओपियात स्वतःचं नाव आणि पुढे वडिलांचं, संपलं. ब्रह्मदेशात आडनाव नाहीच, संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस ऊ थांट यातलं ऊ म्हणजे आपलं "श्री"सारखं, नाव नुसतं थांट. आँग सान सू ची या नावात आँग सान वडिलांचं, सू आजीचं, ची आईचं.

अक्षर आलंय पत्रिकेत, आता?

ब्रह्मदेशाचं निघालंच आहे तर, तिथे जन्मवारावरून अक्षर पडतं, सोमवारी जन्मलं तर क-वर्गातलं. आपल्याकडे नक्षत्रावरून, २७ नक्षत्रं, प्रत्येकाचे ४ चरण, १०८ अक्षरं, अश्विनीला चू चे चो ला अशी. प्रॉब्लेम येतो आर्द्राच्या तिसऱ्या चरणाला ङ आल्यावर किंवा हस्तात ण आणि ठ आल्यावर. मग लोक नेटवर "ण वरून मुलींची नावं" शोधतात आणि साईटवाले णाने सुरू होणारी नावं तयार करूनही देतात, अर्थासकट! तसं काही करू नका. जुनी सोय आहे की, नावरस नाव वेगळं आणि व्यवहारातलं वेगळं, गुरुजींनी कागदावर लिहिलेलं कागदावर राहू दे. परंपराच पाळायची तर पारस्कर गृह्यसूत्रात सांगितलंय की मुलाच्या नावात दोन किंवा चार अक्षरं असावीत, मुलीच्या नावात विषम आणि शेवटी आ. या हिशोबाने आपली निम्मी नावं बाद होतात आणि कुणाचंही काही अडलेलं नाही.

कागदावर चढवताना

जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते पण नाव तेव्हाच द्यायला पाहिजे असं नाही, ते कोरं ठेवता येतं. बारा महिन्यांच्या आत नाव कळवलं तर फी नाही, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत घालता येतं. म्हणजे हॉस्पिटलमधला माणूस फॉर्म घेऊन उभा आहे म्हणून घाईत यादीतलं पहिलं नाव लिहून देऊ नका, आत्याला विचार करायला वेळ द्या. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांसाठी राज्याचा नियम असा की सरकारी कागदांवर बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव, गौतमीपुत्राला उशिरा का होईना न्याय मिळाला म्हणायचं.

दाखल्यावर नाव मराठी आणि इंग्रजी दोन्हीत येतं. मराठीतली वेलांटी आणि इंग्रजीतलं स्पेलिंग घरी बसून ठरवा, कागदावर मोठ्या अक्षरात लिहा आणि तोच कागद खिडकीवर द्या, तोंडी सांगू नका. इंग्रजी स्पेलिंग एकदा परक्या माणसाला वाचायला लावा, अनल म्हणजे अग्नी हे तुम्हाला माहीत आहे, विमानतळावरच्या माणसाला नाही. डबल ए घालायचा असेल तर आत्ताच ठरवा, कारण पुढे आधार, शाळा, पासपोर्ट सगळं या दाखल्यावरून जातं आणि एक ए जास्त झाला तरी प्रतिज्ञापत्र, राजपत्र करत बसावं लागतं. छापून हातात आला की खिडकीसमोरच उभं राहून वाचा, आईचं नाव, वडिलांचं नाव, तारीख, सगळं, मागे रांग कितीही ओरडू दे.